जुन्या गाडीचा पितृपक्ष

काल सर्वपित्री होती ना, तर आमच्या घरी दिवे लागेपर्यंत कुणाच्या पोटात अन्नाचा कण गेला नाही. खरंच सांगतोय. पानं मांडलेली, वडे गार, खिरीवर साय धरलेली, आई चुलीपाशी डोक्याला हात लावून, आणि अण्णा सोवळं नेसून अंगणात उभे ते उभेच. आणि हे सगळं केलं आमच्या ताईनं. काय केलं ते शेवटी सांगतो, आत्ताच सांगितलं तर तुम्ही म्हणाल पोरगी वेडी झाली. हसू नकोस बाळ्या. आधी ऐक तरी.

आमच्या दारातली ती हिरवी गाडी बघितलीयस ना तू? तीच, जिच्या टपावर प्रेमाकाकू पापड वाळत घालतात. ती कशी आली ते ऐक.

तर वसुधाताई. लहानपणी ताप आला त्यात तिचा डावा पाय गेला हे सगळ्या अंधेरीला ठाऊक आहे. लोखंडी पट्ट्यांचा बूट आणि काठी. पण बी.ए. झाली, बी.टी. झाली, आणि गणित असं शिकवते यार, की मी पास झालो, आणखी काय सांगू! इथल्या दोन शाळांत गेली तर एका ठिकाणी म्हणाले जिना कसा चढाल, आणि दुसऱ्या ठिकाणी म्हणाले मुली हसतील. शेवटी घाटकोपरच्या मुलींच्या शाळेत सुगंधाबाई म्हणून हेडबाई आहेत, त्यांनी तिला एक तास घ्यायला लावला. तास संपल्यावर म्हणाल्या, "दिवाळीनंतर या. जागा तुमची. पण अंधेरीहून रोज येणार कशा?"

ताई म्हणाली, "येईन."

येईन म्हणाली खरी, पण कशी? लोकलनं दादरपर्यंत उलटं जा, तिथला पूल चढा-उतरा, दुसऱ्या लाइनची गाडी धरून पुन्हा घाटकोपरपर्यंत वर या. तिला एकदा पूल चढायचा म्हणजे घामानं अंघोळ. आणि इथून मरोळवरनं, साकीनाक्यावरनं सरळ रस्ता घाटकोपरला जातो! मोटार असली तर अर्ध्या तासाचं काम.

तर गेल्या वर्षी एका रविवारी चहा पिताना अण्णा एकदम म्हणाले, "वसूच्या लग्नाचे म्हणून पोस्टात ठेवलेत त्याची गाडी घेऊ. जुनी मिळेल एखादी. शरद चालवील."

शरद म्हणजे मी! मी या बाळ्याच्याच मामाच्या लॉरीवर शिकलो होतो, लायसन काढलं होतं, मला तर उडीच मारावीशी वाटली. पण आईनं हातातली बशी खाली ठेवली. लग्नाचे पैसे मोडायचे म्हणजे काय, ते सगळ्यांना कळलं ना. ताईलाच सगळ्यात आधी कळलं. ती हसली आणि म्हणाली, "बरं झालं अण्णा. नवरा पसंत नाही पडला तर परत करता येत नाही. गाडी निदान परत करता येते."

"येईलच!" अण्णा म्हणाले. "तसं लिहूनच घेतो मी."

अण्णा फोर्टात सॉलिसिटरच्या ऑफिसात हेडक्लार्क. चाळीत कुणाचा भाडेकरार असो, वाटणी असो, लोक अण्णांकडे येतात. अण्णांचं एकच म्हणणं: तोंडी बोललेलं म्हणजे वाऱ्यावर गेलेलं. आई भाजीवालीशी भाव ठरवते तेव्हासुद्धा हे म्हणायला कमी करायचे नाहीत.

तर बोरिवलीला मार्तंडराव म्हणून एक जण जुन्या गाड्या विकतो. मोठी शेड, दारात तुळस, कपाळाला गंध, गळ्यात माळ. आम्ही गेलो तेव्हा गणपतीचे दिवस होते, त्यानं आधी आरती केली, प्रसाद दिला, मग गाडी दाखवली. लढाईच्या आधीची विलायती गाडी, हिरवी, नवा रंग, आणि बाहेरच्या बाजूला पितळी भोंगा, रबरी फुगा दाबला की पोंऽऽ! त्यानं पहिल्यांदा तोच वाजवून दाखवला. ताईनं हात बाहेर काढून दाबला. इतकी खूश झालेली मी तिला कधी बघितली नव्हती.

इंजिन आधीच गरम करून ठेवलं होतं, ते मला तेव्हा कळायला पाहिजे होतं की नाही ते सोडा. त्यानं आम्हाला सपाट रस्त्यावरनं एक चक्कर मारून आणलं. मी म्हटलं, मी चालवतो, जरा चढावर नेऊ. तर म्हणाला, "चढावर कशाला आत्ता? घरी न्या, पंधरा दिवस वाटेल तशी चालवा, डोंगरावर न्या! नाही पटली तर आणून द्या, पैसे परत. मी काय पळून जातोय?"

अण्णांनी लगेच खिशातून कागद काढला. स्टँपपेपर घरूनच तयार! ताबा दिल्यापासून पंधरा दिवसांच्या आत काहीही दोष आढळला तर विकणाऱ्यानं गाडी परत घ्यावी आणि सगळी रक्कम द्यावी. मार्तंडरावानं वाचलं, मान डोलावली. मग अण्णांनी आपण होऊन आणखी एक ओळ घातली, की मुदतीनंतर खरेदीदाराची कसलीही तक्रार ऐकली जाणार नाही. मी म्हटलं, "अण्णा, ही ओळ कशाला?" तर म्हणाले, "करार दोन्ही बाजूंना न्याय देणारा पाहिजे. त्याला करार म्हणतात."

मार्तंडराव म्हणाला, "वा! अण्णा, असं गिऱ्हाईक मिळायला भाग्य लागतं." आणि मग म्हणाला, "फक्त ताबा अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या दिवशी घ्या. पौर्णिमा आहे. त्याच्या पुढे पितृपक्ष लागतो, मग तुम्ही थोडीच गाडी घरी न्याल?"

अण्णा मला रस्त्यात म्हणाले, "बघ. धंदा करतो, पण माणूस नेमाचा आहे."

तर पौर्णिमेला गाडी दारात आली. ढकलत नाही, चालत आली, त्याचाच माणूस घेऊन आला. चाळीतली सगळी पोरं भोवती. दुसऱ्या दिवशी मी किल्ली घेतली तर अण्णांनी हात पुढे केला.

"पितरांचा पंधरवडा आहे. या दिवसांत नव्या वस्तूला हात लावत नाहीत. दसऱ्याला पूजा करू, मग चालव."

मी किल्ली त्यांच्या हातात ठेवली. पण ताई बोलली. "अण्णा, नवी कुठाय ती? जुनी आहे. माझ्यापेक्षा थोडीच लहान असेल."

"आपल्याला नवीच."

"पण पंधरा दिवसांची मुदत आहे ना? ती याच पंधरा दिवसांत संपतेय. एकदा साकीनाक्याच्या चढावर तरी नेऊन आणू. पूजा नंतर करू."

"वसू," अण्णा म्हणाले, "पितरांना डावलून तुझी नोकरी सुरू करायची आहे का?"

गाडी तशीच उभी. प्रेमाकाकू गॅलरीतून ओरडायच्या, "अहो अण्णा, गाडी श्राद्धाला बसलीय का?" पोरं भोंगा वाजवून पळायची. ताई रोज जाता-येता गाडीकडे बघायची, आणि चारपाच दिवसांनी पुन्हा म्हणाली, "अण्णा, निदान मुदत वाढवून घ्या."

हे मात्र अण्णांना पटलं. मला बोरिवलीला पाठवलं. मी जाऊन मार्तंडरावाला म्हटलं, अण्णा म्हणतात गाडी दसऱ्याला बाहेर काढणार, तेव्हा मुदत दसऱ्यापासून धरा. तो माळ ओढत बसला होता. म्हणाला, "अरे, घरचीच गोष्ट आहे! धरली."

मी म्हटलं, "लिहून द्या."

तर त्यानं जीभ चावली. "पितृपक्षात सही? नवा कागद? अण्णांना विचार बाबा, त्यांना तरी चालेल का."

मी घरी येऊन सांगितलं. ताई म्हणाली, "अण्णा, तोंडी म्हणजे वाऱ्यावर, तुम्हीच म्हणता." अण्णा हसले, खरंच हसले रे, आणि म्हणाले, "जो माणूस पितृपक्षात सही करायला भितो तो खोटं बोलायला किती भिईल!"

मग सर्वपित्री आली, गेल्या वर्षीची. मुदतीचा शेवटचा दिवस. अण्णांनी आजोबांच्या नावानं पान भिंतीवर ठेवलं, खीर, वडे, आमसुलाची चटणी, सगळं. कावळा येईना. आता कावळा शिवल्याशिवाय घरात कुणी जेवायचं नाही, हे आमच्याकडे कडक. अण्णांनी हात जोडले, "बाबा, वसूची काळजी करू नका. तिच्या नोकरीचं मी केलंय." आणि काय सांगू, कावळा आला! वडा उचलला आणि भिंतीवर बसून खायच्या ऐवजी गाडीच्या बॉनेटवर जाऊन बसला, तिथे खाल्ला. सगळी चाळ बघत होती. प्रेमाकाकू ओरडल्या, "आजोबांना गाडी पसंत पडली हो!" आई रडली. अण्णांनी ताईच्या डोक्यावर हात ठेवला. ताईसुद्धा हसली तेव्हा. खोटं कशाला बोलू, मलासुद्धा वाटलं, झकास, आता कसली भीती!

दसऱ्याला झेंडूचा हार, आपट्याची पानं, चाकाखाली लिंबू. ताई नवं पातळ नेसून मागं बसली, अण्णा माझ्याशेजारी. म्हटलं घाटकोपरला शाळेपर्यंत जाऊन येऊ, सुगंधाबाईंना सोनं देऊ. मरोळपर्यंत गेलो. पुढचा चढ लागला आणि गाडीनं मागून असा पांढरा धूर सोडला की रस्ता दिसेना. खडखड, खडखड, आणि बंद. वाट लागली! तिथल्याच लवू मिस्त्रीनं बैल लावून ती आपल्या झोपडीपर्यंत ओढली. उघडून बघतो तर इंजिनाला हा एवढा तडा, कसल्या तरी लुकणानं बुजवलेला, वर रंग. आणि गिअरच्या पेटीत काय निघालं असेल? लाकडाचा भुसा! आवाज दबावा म्हणून भरलेला.

"दोन दिवस चालवली असतीत तरी समजलं असतं," लवू म्हणाला. "इंजिन खूप तापलं की लुकण सुटतंच. हे केलंय कुणीतरी मुद्दाम. पंधरा दिवस दारात होती म्हणता? मग काय बघितलंत?"

अण्णांनी झेंडूचा हार तेवढा काढून हातात घेतला.

दुसऱ्या दिवशी आम्ही तिघं बोरिवलीला. मार्तंडरावानं पाणी दिलं, सगळं ऐकून घेतलं, मग कपाटातनं कागद काढला. अण्णांच्याच अक्षरातला. त्या शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं.

अण्णा म्हणाले, "पण दसऱ्यापासून मुदत धरायची असं ठरलं होतं."

"तोंडी?" तो म्हणाला. "अण्णा, तुम्ही वकिलांच्या ऑफिसातले. तुम्ही असं बोलायचं?"

"पितृपक्ष होता हो. आम्ही गाडी वापरणार कशी?"

"मी मनाई केली होती का?" आणि मग तो अगदी गोड हसला. "गाडी जुनी होती. जुन्या गाडीला कसला आलाय पितृपक्ष?"

हे ताईचंच म्हणणं होतं रे! नवी कुठाय, जुनी आहे, असंच ती म्हणाली होती. मी ताईकडे बघितलं. ती काठीवर दोन्ही हात ठेवून उभी होती, आणि तिची नजर मार्तंडरावावर नव्हती, अण्णांवर होती. आम्ही बाहेर पडलो तर शेडमध्ये त्याचा माणूस एका काळ्या गाडीला रंग मारत होता. मी विचारलं, ही कुणाला? म्हणाला, आत्ता नाही विकत, पुढच्या भाद्रपदात.

पण ऐका, इथे संपलं नाही. इथे संपलं असतं तर मी काही म्हटलं नसतं. फसतात लोक.

ताई हट्टानं अण्णांना घेऊन फोर्टात गेली, अण्णांच्या मोठ्या साहेबांकडे. मीही गेलो. साहेबांनी कागद वाचला आणि म्हणाले, "मसुदा उत्तम केलाय. तुम्हीच केलात ना? या कलमावर तुम्हाला एक पै मिळणार नाही." मग थोडा विचार केला. "पण एक गोष्ट आहे. दोष ठाऊक असून त्यानं मुद्दाम झाकला असेल तर ती सरळ फसवणूक. फसवणाऱ्याला मुदतीचं कलम वाचवत नाही. तो मिस्त्री साक्ष देईल?"

"देईल," मी म्हटलं. लवूनं कबूल केलंच होतं. भुसासुद्धा डब्यात भरून ठेवला होता त्यानं.

"मग करा दावा. सोपा नाही, पण उभा राहील. फक्त तुम्हाला पहिलाच प्रश्न येणार, अण्णा. पंधरा दिवस गाडी दारात होती, तपासायची पुरती संधी होती. तुम्ही काय करत होतात?"

अण्णा समोरच्या कागदाची घडी घालायला लागले. साहेबांनी पुन्हा विचारलं. अण्णा हळूच म्हणाले, "पितृपक्ष होता."

साहेब हसले. वाईट नाही हसले, सहज हसले. पण बाजूच्या टेबलावरचे दोन कारकूनही हसले. ज्यांना अण्णांनी काम शिकवलं ते. अण्णांचे कान लाल झालेले मी बघितले.

घरी आल्यावर अण्णांनी कोट खुंटीला लावला आणि म्हणाले, "दावा करायचा नाही."

ताई म्हणाली, "का?"

"भर कोर्टात माझ्या बापाच्या श्राद्धाची थट्टा करून घेऊ?"

"थट्टा झाली तर होऊ दे ना! साहेब म्हणाले दावा उभा राहील. गाडीचे पैसे आले तर दुसरी गाडी येईल. सुगंधाबाई थांबल्यात अण्णा, किती दिवस थांबतील?"

"नाही म्हणजे नाही."

"मग मी करते दावा."

"तू कोण?" अण्णा म्हणाले. "खरेदीदार मी आहे. सही माझी आहे."

"पैसे माझ्या लग्नाचे होते."

आणि अण्णा काय म्हणाले असतील? एवढा शांत माणूस. म्हणाले, "लग्न झालं असतं तर तुझे."

आई आतून बाहेर आली आणि तशीच आत गेली. त्यानंतर ताई अण्णांशी कामापुरतंच बोलते.

दिवाळीनंतर शाळा उघडली. ताई गेली, हां! शिकवण्यांचे साठवलेले पैसे होते त्यात टॅक्सीनं गेली. ते संपले. मग दादरवरनं जायला लागली, पुलाच्या पायऱ्यांवर पडली, बुटाची पट्टी मोडली, आठवडाभर अंथरुणात. सुगंधाबाई स्वतः आमच्या घरी आल्या, तिच्या पायावरनं हात फिरवला आणि म्हणाल्या, "पुढच्या वर्षी बघू हं." तेव्हाच कळलं की जागा गेली. आता तिथे दुसरी बाई आहे.

आणि गाडी? लवूनं ढकलत आणून दिली. भंगारवाला विचारून गेला, पण अण्णा विकत नाहीत. का विकत नाहीत ते त्यांनाच माहीत. आमच्या दोन खोल्यांत शिकवणीला जागा नाही, म्हणून ताई गाडीत बसून शिकवण्या घेते. मागच्या सीटवर ती, तिच्याजवळ दोन पोरी, पुढे दोन. पाढे म्हणतात आत बसून. हसायला येतं ना? मलाही पहिल्यांदा आलं होतं.

तर आता कालचं.

काल अण्णांनी पान भिंतीवर ठेवलंच नाही. गेल्या वर्षी आजोबांनी गाडीवर बसून खाल्लं होतं ना, म्हणून थेट बॉनेटवर ठेवलं. ताई आत बसलेली, एकटीच, पोरींना सुट्टी होती. अण्णा म्हणाले, "वसू, जरा उतर, कावळा बुजेल." ती म्हणाली, "मी गप्प बसते."

अण्णा मागे झाले. कावळा आला, भिंतीवर बसला, मान वाकडी केली, उडी मारून बॉनेटवर उतरला. पानाकडे दोन पावलं टाकली.

पोंऽऽ!

ताईनं खिडकीतून हात काढून फुगा दाबला. कावळा गेला. आम्हाला वाटलं चुकून लागला असेल. थोड्या वेळानं पुन्हा आला. पुन्हा पोंऽऽ. मग सगळ्यांना समजलं. गॅलरीत माणसं जमली. प्रेमाकाकूंच्यासुद्धा तोंडातून शब्द फुटेना, म्हणजे विचार करा! आई म्हणाली, "वसू, पाया पडते तुझ्या." ताई समोरच्या काचेतून नुसती पानाकडे बघत होती. मी जाऊन तिचा हात धरू शकलो असतो, मला कुणी सांगितलंही, पण मी नाही धरला.

दुपार गेली. उन्हं उतरली. कावळे येत होते, ती भोंगा वाजवत होती. शेवटी अण्णा तिच्या खिडकीशी गेले. ओरडले नाहीत. ओठ सुकले होते त्यांचे. म्हणाले, "वसू, आजोबा उपाशी आहेत गं."

ताई म्हणाली, "पंधरा दिवस होते ना त्यांना? मुदत संपली, अण्णा. आता कसलीही तक्रार ऐकली जाणार नाही."

अण्णांच्याच कागदातली ओळ.

अण्णा खूप वेळ तिथेच उभे होते, एक हात गाडीच्या दारावर. कावळे पिंपळावर झोपायला गेले, मग त्यांनी पान उचललं आणि आत नेलं. कुठे ठेवलं, बघितलं नाही मी. आईनं आम्हाला वाढलं. अण्णांनी खीर बोटानं जिभेला लावली आणि उठले. ताई आली नाही. मी तिचं ताट घेऊन गाडीशी गेलो, तर म्हणाली, "ठेव बॉनेटवर."